डम्पलिंग्ज (२००४ चित्रपट)

डम्पलिंग्ज (मूळ चिनी नाव: ज्याओझी, कँटोनीज उच्चार: गाउजी) हा २००४ साली प्रदर्शित झालेला हाँगकाँगचा भयपट आहे. त्याचे दिग्दर्शन फ्रूट चॅन यांनी केले असून पटकथा लिलियन ली यांची आणि छायाचित्रण क्रिस्टोफर डॉइल यांचे आहे. मिरियम याऊंग, बाय लिंग आणि टोनी लियुंग का-फाय यांच्या यात प्रमुख भूमिका आहेत. (टोनी लियुंग च्यू-वाय हे नामसाधर्म्य असलेले दुसरे अभिनेते होत.)

'थ्री... एक्स्ट्रीम्स' या अँथॉलॉजी चित्रपटात, म्हणजे अनेक स्वतंत्र कथाखंड एकत्र गुंफलेल्या चित्रपटात, याच नावाचा सुमारे ४० मिनिटांचा एक खंड आहे. प्रस्तुत चित्रपट हे त्या खंडाचे ९१ मिनिटांचे विस्तारित रूप होय. दोन्ही रूपांत कलाकार तेच आहेत आणि कथाबीजही एकच आहे. शेवट मात्र भिन्न आहेत. शेवटातील या बदलामुळे कथेचा रोखच पालटतो. अँथॉलॉजीतील खंडावरून पूर्ण लांबीचा चित्रपट करण्याच्या प्रकारात या चित्रपटाचा उल्लेख प्रामुख्याने होतो, तो याच कारणाने.

पार्श्वभूमी

निर्माते-दिग्दर्शक पीटर चॅन यांनी 'अप्लॉज पिक्चर्स' या संस्थेमार्फत आशियातील निरनिराळ्या देशांच्या चित्रपटसृष्टींना एकत्र आणण्याचा प्रयत्न केला. २००२ सालच्या 'थ्री' या चित्रपटात दक्षिण कोरिया, थायलंड आणि हाँगकाँग येथील दिग्दर्शकांचा प्रत्येकी एक भयकथाखंड होता. त्याचा पुढचा भाग म्हणजे २००४ चा 'थ्री... एक्स्ट्रीम्स'. यात जपानचे ताकाशी मीके ('बॉक्स'), दक्षिण कोरियाचे पार्क चान-वूक ('कट') आणि हाँगकाँगचे फ्रूट चॅन ('डम्पलिंग्ज') यांचे खंड आहेत.

फ्रूट चॅन हे भयपटांचे दिग्दर्शक म्हणून ओळखले जात नव्हते. अत्यल्प खर्चात केलेल्या 'मेड इन हाँगकाँग' (१९९७) या चित्रपटाने त्यांचे नाव झाले. १ जुलै १९९७ रोजी हाँगकाँग ब्रिटिशांकडून चीनकडे गेले, आणि त्या संक्रमणाच्या काळातील सामान्य, बहुधा गरीब माणसे हा त्यांच्या चित्रपटांचा विषय राहिला. 'डुरियन डुरियन' (२००० ) मध्ये ईशान्य चीनमधून हाँगकाँगला येऊन देहविक्रय करणारी तरुणी केंद्रस्थानी आहे. सीमा ओलांडून येणारी बाई आणि तिच्या श्रमावर किंवा शरीरावर जगणारे शहर हे सूत्र 'डम्पलिंग्ज'मध्येही आहे. ते या वेळी भयपटाच्या वेषात येते, इतकेच.

पटकथा लिलियन ली यांनी स्वतःच्याच कथेवरून लिहिली. 'रूज', 'फेअरवेल माय कॉन्क्युबाइन' आणि 'ग्रीन स्नेक' हे गाजलेले चित्रपटही त्यांच्याच कादंबऱ्यांवर आधारलेले आहेत.

कथानक

ज्याओझी म्हणजे गव्हाच्या पातळ पारीत सारण भरून, कडा चिमटीने बंद करून उकडलेला किंवा वाफवलेला पदार्थ. त्याचा आकार साधारण करंजीसारखा असतो. चिनी घरांत तो नववर्षाला सर्वांनी मिळून करण्याचा, मांगल्याचा पदार्थ मानला जातो. कथेतील भीतीला या घरगुतीपणाची मोठी मदत होते.

श्रीमती ली (मिरियम याऊंग) ही एके काळची दूरचित्रवाणी अभिनेत्री आहे. तिचा धनाढ्य पती (टोनी लियुंग का-फाय) तरुण स्त्रियांच्या मागे आहे. गेलेले तारुण्य परत मिळावे म्हणून ती एका जुन्या, मोडकळीस आलेल्या सार्वजनिक गृहवसाहतीत राहणाऱ्या मेई या बाईकडे (बाय लिंग) येते. मेईच्या ज्याओझी खाल्ल्याने वय उतरते, अशी ख्याती आहे. या ज्याओझींचे सारण मानवी गर्भाचे असते. मेई ही चीनमधील माजी स्त्रीरोगतज्ज्ञ असून सीमेपलीकडील शेंझेन शहरातल्या रुग्णालयातून ती गर्भ मिळवते आणि जेवणाच्या डब्यातून हाँगकाँगमध्ये आणते.

हे गुपित श्रीमती लीला आधीपासून ठाऊक असते. 'आपण काय खात आहोत हे खाणाऱ्याला नंतर कळते' या ठरावीक वळणावर चित्रपट अवलंबून नाही. ती जाणूनबुजून खाते. पहिल्या घासाला घुटमळते, मग सरावते आणि पुढे अधिक गुणकारी सारणाची मागणी करू लागते. वडिलांच्या अत्याचारातून गर्भवती राहिलेल्या एका शाळकरी मुलीला तिची आई मेईकडे घेऊन येते, तेव्हा ती मागणी पूर्ण होते. गर्भपातानंतर रक्तस्रावाने त्या मुलीचा मृत्यू होतो. इकडे श्रीमती लीची कांती उजळते, पण तिच्या अंगाला माशासारखी दुर्गंधी येऊ लागते.

लघुरूपाच्या शेवटी श्रीमती ली स्वतः गर्भवती राहते आणि स्वतःच्याच गर्भाचा बळी देते. दीर्घ चित्रपटात शेवट वेगळा आहे. मेई चीनमध्ये निघून जाते आणि पुरवठा थांबतो. पतीपासून गर्भवती राहिलेल्या तरुण प्रेयसीला श्रीमती ली गाठते, पैसे देऊन तिला गर्भपातास तयार करते आणि स्वयंपाकघरात स्वतःच सुरी हाती घेते.

लघुरूप आणि दीर्घरूप

लघुरूप एका स्त्रीच्या ध्यासाची कथा सांगते. हा ध्यास शेवटी तिच्याच शरीरावर उलटतो. लोककथेतील शापासारखी ही रचना आहे. परिणामाची तीव्रता पाहता लघुरूप निश्चितच अधिक धारदार आहे.

दीर्घ चित्रपटात शाप नाही, व्यवहार आहे. श्रीमती लीला कोणतीही शिक्षा होत नाही. तिला मेईची गरज उरत नाही, कारण ती मेईचे काम शिकलेली असते, आणि कच्चा माल विकत घेण्याइतका पैसा तिच्याकडे असतो. पतीच्या पात्रालाही येथे बराच वाव मिळतो. तो स्वतः पिल्लाची वाढ सुरू झालेली अंडी चवीने खातो. म्हणजे तारुण्य 'खाण्याची' हौस ही केवळ एका असुरक्षित पत्नीची नसून त्या वर्गाचीच आहे, हे चित्रपट न बोलता दाखवतो. मेईकडे गेल्यावर तिचे जुने छायाचित्र पाहून ही तरुण दिसणारी बाई प्रत्यक्षात साठी ओलांडलेली आहे, हे त्याला समजते. पदार्थ खरोखर गुणकारी असल्याचा हा पुरावा चित्रपटातील सर्वांत अस्वस्थ करणारा भाग म्हणता येईल, कारण त्यामुळे प्रेक्षकाला 'हा सगळा भ्रम आहे' असे म्हणून सुटका करून घेता येत नाही.

वाढलेल्या लांबीमुळे गती मंदावते, हे नाकारता येत नाही. मधल्या भागात काही प्रसंग पुनरुक्त वाटतात. मात्र मुलगी, तिची आई, मेई आणि प्रेयसी या पैसा नसलेल्या चार स्त्रिया एकाच साखळीत दिसतात, त्या या लांबीमुळेच.

सामाजिक संदर्भ

चीनमध्ये १९७९-८० च्या सुमारास एक अपत्य धोरण लागू झाले. ते संपवण्याची घोषणा २०१५ मध्ये झाली. या काळात गर्भपात सर्रास, आणि अनेकदा सक्तीने, केले गेले. मेईची डॉक्टरकी याच काळातील आहे. हाँगकाँगमध्ये मात्र गर्भपातासाठी दोन नोंदणीकृत डॉक्टरांचे मत आवश्यक असते. एका बाजूला विपुलता आणि दुसऱ्या बाजूला निर्बंध व पैसा, अशा दोन व्यवस्थांमधील सीमारेषेवर मेईचा धंदा उभा आहे. १९८० मध्ये विशेष आर्थिक क्षेत्र झालेले शेंझेन हाँगकाँगला स्वस्त माल आणि श्रम पुरवत आले. चित्रपट हाच संबंध त्याच्या टोकापर्यंत नेतो.

मानवी शरीरापासून औषध ही कल्पना लेखिकेने नव्याने रचलेली नाही. ली शीझेन यांच्या सोळाव्या शतकातील 'बेनत्साओ गांगमू' या औषधिग्रंथाच्या अखेरच्या प्रकरणात मानवी शरीरातून मिळणाऱ्या द्रव्यांची चर्चा आहे, आणि वाळवलेली वार पारंपरिक चिनी वैद्यकात औषध म्हणून वापरली गेली आहे. गर्भाच्या सारणाची ज्याओझी ही मात्र कथेतील कल्पना आहे.

निर्मितीविशेष

वाँग कार-वाय यांच्या 'चुंगकिंग एक्सप्रेस' (१९९४) आणि 'इन द मूड फॉर लव्ह' (२०००) या चित्रपटांमुळे ख्यातनाम झालेले डॉइल यांनी येथे रक्तपातापेक्षा अन्नाच्या सौंदर्यावर भर दिला आहे. पारदर्शक पारीतून दिसणारा गुलाबी रंग, वाफ आणि मेईचे लगबगीने चालणारे हात एखाद्या पाककलेच्या कार्यक्रमासारखे चित्रित केले आहेत. किळस मुख्यतः ध्वनीतून येते: चावताना होणारा कुरकुर आवाज मुद्दाम मोठा ठेवला आहे.

याऊंग तोवर 'लव्ह अंडरकव्हर'सारख्या हलक्याफुलक्या विनोदी चित्रपटांसाठी लोकप्रिय होत्या, त्यामुळे ही भूमिका त्यांच्या प्रेक्षकांना धक्का देणारी होती. बाय लिंग यांची मेई भीतिदायक नाही. ती गप्पिष्ट, गाणी गुणगुणणारी आणि आपल्या कसबाचा अभिमान असलेली शेजारीण आहे.

प्रदर्शन आणि पुरस्कार

हाँगकाँगमध्ये दीर्घ चित्रपट ऑगस्ट २००४ मध्ये, केवळ प्रौढांसाठीच्या 'तिसरी श्रेणी' या प्रमाणपत्रासह प्रदर्शित झाला. तेथील प्रेक्षकांनी ही कथा प्रथम पूर्ण लांबीतच पाहिली. अमेरिकेत 'थ्री... एक्स्ट्रीम्स' २००५ मध्ये चित्रपटगृहांत आला, आणि तेथील अनेकांना आधी लघुरूप व मग दीर्घरूप असा उलट क्रम मिळाला. कोणता शेवट 'खरा' याविषयी प्रेक्षकांत मतभेद आढळतात, त्यामागे हा पाहण्याचा क्रमही असावा.

मेईच्या भूमिकेसाठी बाय लिंग यांना हाँगकाँग चित्रपट पुरस्कारांत आणि तैवानच्या गोल्डन हॉर्स पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचा सन्मान मिळाला.

याच प्रकारचे अन्य चित्रपट

'व्ही/एच/एस' (२०१२) या अमेरिकी अँथॉलॉजीतील 'अमॅच्युअर नाइट' या खंडावरून 'सायरन' (२०१६) हा चित्रपट निघाला; दिग्दर्शक बदलले, पण मुख्य भूमिकेत हॅना फिअरमन कायम राहिल्या. 'व्ही/एच/एस/२' मधील एका खंडाचा विस्तार त्याचे दिग्दर्शक जेसन आयझनर यांनी 'किड्स व्हर्सेस एलियन्स' (२०२२) मध्ये केला. 'टेरिफायर' (२०१६) चा प्रवास थोडा वेगळा आहे: मूळ लघुपट २०११ चा, तो पुढे 'ऑल हॅलोज ईव्ह' (२०१३) या अँथॉलॉजीत समाविष्ट झाला आणि त्यानंतर पूर्ण लांबीचा चित्रपट आला. या तिन्ही उदाहरणांत विस्तार काही वर्षांनी, नव्या चित्रीकरणाने झाला, तर 'डम्पलिंग्ज'ची दोन्ही रूपे एकाच वर्षी आली.