सुल रॉसचा महिला व्हॉलीबॉल संघ
पश्चिम टेक्सासमधील अल्पाइन या लहान गावच्या सुल रॉस विद्यापीठाच्या महिला संघाने १९७० साली अमेरिकेतील महाविद्यालयीन स्त्रियांचे पहिले राष्ट्रीय व्हॉलीबॉल अजिंक्यपद मिळविले व १९७१ मध्ये ते राखले. या यशाचे श्रेय खेळाडूंचे खरेच. तथापि तत्कालीन व्यवस्थाही विचारात घ्यावयास हवी. महिला-क्रीडासंघटनांना त्या वेळी क्रीडाशिष्यवृत्त्या अमान्य होत्या. त्यामुळे मोठ्या विद्यापीठांच्या द्रव्यबळास फारसा वाव नव्हता. १९७२ च्या कायद्याने शिक्षणसंस्थांतील लिंगभेदास मनाई केली. १९७३ मध्ये शिष्यवृत्त्यांवरील निर्बंधही उठला. १९८१ पासून राष्ट्रीय महाविद्यालयीन क्रीडासंघटनेने महिलांची व्हॉलीबॉल अजिंक्यपदे तीन श्रेणींत भरविली. स्त्रियांचा हक्क प्रस्थापित होत असतानाच लहान संस्थांचे क्षेत्र मात्र वेगळे आखले गेले.