‘लॉयल्टी’ ते ‘जलउषा’

सोलापूरच्या दिगंबर जैन कुटुंबात १८८२ साली जन्मलेल्या शेठ वालचंद हिराचंद यांनी सहकाऱ्यांसह सिंधिया कंपनी उभारली. ५ एप्रिल १९१९ रोजी तिची ‘लॉयल्टी’ ही आगबोट मुंबईहून लंडनला निघाली. ब्रिटिश कंपन्यांनी भाड्याचे दर पाडून सिंधियाला बुडवू पाहिले. १९२३ च्या करारान्वये तर दहा वर्षे सागरपार वाहतूकच वर्ज्य झाली. ही मानखंडना सोसून कंपनी किनारी व्यापारावर तगली. १९४१ मध्ये विशाखापट्टणम येथे जहाजबांधणी कारखान्याची कोनशिला बसली. पुढल्याच वर्षी त्या शहरावर जपानी बॉम्ब पडले. तरीही १४ मार्च १९४८ रोजी तेथे बांधलेली ‘जलउषा’ पाण्यात उतरली. १९५३ साली शेठजी निवर्तले. केव्हा झुंजावे आणि केव्हा तग धरावा, हा विवेक हेच त्यांचे खरे भांडवल होय.