समितीचे तीन वर्षांचे राज्य

सातारा जिल्ह्याचे १९४९ साली उत्तर व दक्षिण असे दोन भाग पडले, आणि दक्षिण साताऱ्यास सांगली हे नाव मिळाले ते १९६० साली. या दोन तारखांच्या मधल्या काळात या कृष्णाकाठी जो एक राजकीय संसार मांडला गेला आणि मोडलाही, त्याचा विचार येथे करावयाचा आहे.

संयुक्त महाराष्ट्र समितीची स्थापना ६ फेब्रुवारी १९५६ रोजी पुण्यात झाली. त्या सभेचे अध्यक्ष केशवराव जेधे होते. पुढे वर्षभरातच ते काँग्रेसच्या तिकिटावर बारामतीहून लोकसभेत गेले. एवढ्या एका गोष्टीवरून या घराचे वासे किती सैल होते हे चतुर वाचकांच्या ध्यानी येईल. प्रजासमाजवादी, कम्युनिस्ट, शेतकरी कामगार, शेड्यूल्ड कास्ट फेडरेशन आणि हिंदुत्वनिष्ठ मंडळी, ही सारी एका पंक्तीस बसली ती केवळ मुंबईसह महाराष्ट्र या एका पदार्थासाठी. बाकीच्या ताटात काय वाढावयाचे, याविषयी कोणाचेच एकमत नव्हते.

मात्र निवडणुकीच्या गणितात हे एकमत पुरेसे होते. १९५२ साली विरोधकांची मते आपसांत फाटली आणि काँग्रेस निर्वेध निवडून आली. १९५७ साली काँग्रेसच्या एका उमेदवारापुढे समितीचा एकच उमेदवार उभा करण्याचे ठरले. त्यात मुंबईच्या गोळीबारांत पडलेल्या शंभरावर बळींची आठवण ताजी होती. वाटेगावच्या अण्णाभाऊ साठ्यांचा आणि अमरशेखांचा डफ गावोगाव घुमत होता.

साताऱ्यात समितीने उभे केले क्रांतिसिंह नाना पाटलांना. ते कम्युनिस्ट होते. परंतु येडेमच्छिंद्रच्या या शेतकऱ्यास मत देताना मार्क्सचे नाव कितीजणांच्या मनात आले असेल याची शंकाच आहे. लोकांनी मत दिले ते १९४३ च्या प्रतिसरकारला. ते निवडून आले. मिरजेतून शेतकरी कामगार पक्षाचे बाळासाहेब पाटील गेले. कऱ्हाडची लोकसभेची जागाही शेतकरी कामगार पक्षाच्याच दाजीसाहेब चव्हाणांनी जिंकली, आणि विधानसभेसाठी खुद्द मुख्यमंत्री यशवंतराव चव्हाण तेथून अगदी थोड्या मतांनी निसटले. डिसेंबर १९५५ मध्ये फलटणला त्यांनी महाराष्ट्राहून नेहरूंना अधिक मानल्याची जी भूमिका घेतली, तिचा हिशेब त्यांच्याच तालुक्याने असा मागितला. तरी विदर्भ, मराठवाडा आणि गुजरात यांच्या बळावर द्विभाषिकाचे राज्य त्यांच्याच हाती राहिले.

आम्हांस या निवडणुकीतील सर्वांत दुःखद गोष्ट वाटते ती निराळीच. प्रतिसरकारच्या दिवसांत एका भाकरीचे तुकडे वाटून खाल्लेले लोक आता समोरासमोर उभे होते. किसन वीर आणि वसंतदादा पाटील काँग्रेसमध्ये; नाना पाटील, नागनाथअण्णा नायकवडी आणि जी. डी. बापू लाड पलीकडे. भूमिगत काळात ज्यांनी एकमेकांचे ठावठिकाणे प्राणपणाने लपविले, त्यांचेच हे दोन तट!

३० नोव्हेंबर १९५७ रोजी पंडित नेहरू प्रतापगडावर शिवछत्रपतींच्या पुतळ्याचे अनावरण करण्यास आले. त्या वेळी वाई आणि पोलादपूरच्या रस्त्यांवर समितीने काळ्या निशाणांची निदर्शने केली. हजारो माणसे शिस्तीने उभी राहिली, दंगा झाला नाही. युतीचे बळ याहून उंच कधी गेले नाही. शिवाजीमहाराजांच्याच जिल्ह्यात त्यांच्याच पुतळ्याच्या सोहळ्यास विरोध करावा लागावा, यातील विपरीतपणाही तेव्हा पुष्कळांना टोचला.

उतार येण्यास वेळ लागला नाही. केरळचे कम्युनिस्ट मंत्रिमंडळ, १९५९ चा चीनशी सीमातंटा, यांनी समाजवादी आणि कम्युनिस्ट यांच्यातील जुने वैर पुन्हा उघडे केले. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य झाले. मागणी पुरी होताच बांधणारी दोरीच उरली नाही. बेळगाव-कारवारचा प्रश्न शिल्लक होता खरा, आणि मिरजेहून तो काही फार दूर नव्हता. पण तेवढ्यावर सातारकरांना एकत्र ठेवणे समितीस साधले नाही. प्रजासमाजवादी बाहेर पडले.

१९६२ च्या निवडणुकीत काँग्रेसने विधानसभेच्या २६४ पैकी २१५ जागा घेतल्या. साताऱ्याची लोकसभेची जागा किसन वीरांकडे गेली. नाना पाटील पुन्हा लोकसभेत बसले ते १९६७ साली, आणि तेही साताऱ्याहून नव्हे, बीडहून.