तळटीप : चावर, मौजे, उपरी

जुन्या महजरात गावाच्या नावाआधी ‘मौजे’ असेल तर ते साधे शेतीचे गाव. ‘कसबे’ असेल तर बाजारपेठ आणि सरकारी राबता असलेले मोठे ठिकाण. मूळ गावातून फुटून वसलेली वस्ती ‘मजरे’. पुण्याची कसबा पेठ ही जुन्या ‘कसबे पुणे’ची खूण.

‘चावर’ जरा दमाने घ्यावा. शिवकाळातल्या मोजणीची काठी पाच हात पाच मुठींची. वीस चौरस काठ्यांचे एक पांड, वीस पांडांचा बिघा आणि 120 बिघ्यांचा चावर. म्हणजे एका चावरात 48,000 चौरस काठ्या. आता हा हात कोणाचा, हा प्रश्न उरतोच. त्यामुळे चावराचे एकर करताना दशांशापर्यंत जाणाऱ्या अभ्यासकांचे धाडस मानायला हवे. धान्याची गत याहून अवघड: चार शेरांची पायली आणि वीस मणांची खंडी, इतके बहुतेक जागी जमते, पण मणात पायल्या कुठे बारा, तर कुठे सोळा.

‘उपरी’ म्हणजे आजच्या बोलीतला नुसता आगंतुक नव्हे. गावात वंशपरंपरागत जमीनहक्क नसलेले, कराराने जमीन कसणारे हे कूळ. त्याच्या समोरचा ‘मिरासदार’ किंवा ‘थळकरी’ वडिलोपार्जित जमिनीचा धनी. तो दुष्काळात परागंदा झाला, तरी परतल्यावर आपली मिरास मागू शकत असे. असे दावे पाटील-कुलकर्णी, बलुतेदार आणि परगण्याचे देशमुख-देशपांडे जमलेल्या गोतसभेपुढे येत. साक्षी होऊन जो निवाडा लिहिला जाई, तोच महजर. त्यावर पाटलाची निशाणी नांगराची असे.