बोळवण

‘तुटपुंज्या मदतीवर शेतकऱ्यांची बोळवण’ असे मथळे आपण पेपरात नेहमी वाचतो. बोळवण म्हणजे थोडंसं हातावर ठेवून वाटेला लावणं, एवढाच अर्थ आता आपल्या मुलींना ठाऊक आहे. आमच्या आज्या मात्र हा शब्द काढायच्या, तेव्हा घरात पुरण शिजत असायचं.

सासरी निघालेल्या लेकीला पोटभर गोडधोड जेवू घालायचं, खणानारळानं ओटी भरायची, करंज्या-सांजोऱ्यांची शिदोरी बांधायची आणि गावाच्या वेशीपर्यंत तिच्यासोबत चालत जायचं. एवढं सगळं मिळून बोळवण. महालक्ष्म्यांनाही आपण तिसऱ्या दिवशी अशीच वाट लावतो, माहेरवाशीणच ती!

शब्द फार जुना आहे. प्राकृतात ‘वोल’ म्हणजे जाणं. बाराव्या शतकातल्या हेमचंद्रानं आपल्या व्याकरणात तो नोंदवला आहे. त्यावरून ‘वोलाव’ म्हणजे जायला लावणं, पोचवणं. आणि ‘व’चा ‘ब’ होऊन आपलं ‘बोळवणं’. बोलण्याशी त्याचं काही नातं नाही. गुजरातीत वाटसरूंना सोबत करणाऱ्या राखणदाराला ‘वोळाविया’ म्हणत. म्हणजे मुळात या शब्दात जेवण नव्हतं, सोबत होती. आपल्या पातूरहून मेडशीकडे घाट चढून जायचं, जंगलातली वाट, बैलगाडी. अशा वेळी सोबतीची किंमत कळायची. शाकुंतलातही जिवलगाला पाण्याच्या काठापर्यंतच पोचवावं, असा रिवाज सांगितला आहे. तिथून पुढं माणूस जात नाही, शिदोरी जाते. जेवण या शब्दात शिरलं ते त्यामुळंच, असं आम्हाला वाटतं.

शेगावची पालखी पातूरहून पुढं निघते, तेव्हा मंडळी अजूनही थोडं अंतर सोबत चालतात. जुना अर्थ तिथं जिवंत आहे.

पण सगळंच गोड नव्हतं, बायांनो. ‘आईनं काय बोळवण केली?’ म्हणत सासरी डबा उघडून पाहिला जायचा. त्यासाठी कितीक मायमाउल्यांनी उसनं तेल-गूळ आणलं. बोळवण मोजली जाऊ लागली, तिथंच शब्द घसरायला लागला असावा. दिलं किती, एवढंच उरलं; चाललं कोण, हे गेलं.

मागच्या दिवाळीत आमच्या गटातली एक सून गावी निघाली. तिला माहेर नाही. आम्ही चौघीजणी एसटी स्टँडपर्यंत तिच्यासोबत चालत गेलो. डब्यात फक्त मेथीच्या पुऱ्या होत्या. गाडी सुटेपर्यंत ती खिडकीतून आमच्याशीच बोलत होती.