तिघांचं संगीत, माणसं चार

पाश्चात्त्य चेंबर म्युझिकचं नोटेशन उघडलं की पहिल्याच पानावर एक ओळ हमखास असते. 'दोन व्हायोलिन, व्हिओला, चेलो' किंवा असंच काहीतरी. आपण ती ओळ औषधाच्या बाटलीवरच्या बारीक अक्षरांसारखी सोडून देतो आणि थेट सुरांकडे वळतो. माझं म्हणणं असं, की इतिहास वाचायचा असेल तर त्या कागदावर त्या ओळीइतकी बोलकी जागा दुसरी नाही. खोलीत कोण होतं, पैसे कोण देत होतं, कागद विकत कोण घेणार होतं, सगळं तिथं सापडतं. फक्त ती ओळ वरवर वाचायची नाही!

आपल्याकडे हा प्रश्न असा येत नाही. भातखंड्यांच्या क्रमिक पुस्तकातली कुठलीही बंदिश काढा. स्वर आहेत, बोल आहेत, मात्रा आहेत. पण तबलजीनं काय वाजवावं, पेटीवाल्यानं कुठे भरावं यावर अक्षर नाही. ते सगळं साथीदाराच्या डोक्यात. 'तबला अमुक, संवादिनी तमुक' ही ओळ आपण छापतो ती मैफलीच्या निमंत्रणपत्रिकेवर. युरोपात मात्र ती नोटेशनच्या माथ्यावर जाऊन बसली. आता तिचेच काही नमुने बघू.

पहिला नमुना रोमचा. १६८१ साली आर्कांजेलो कोरेल्लीनं ओपस १ म्हणून बारा सोनाटा छापले. नाव 'सोनाटे आ त्रे', म्हणजे तिघांचे सोनाटा. मुखपृष्ठावरची यादी मात्र अशी: दोन व्हायोलिन, आणि व्हिओलोने किंवा आर्चल्यूट, शिवाय ऑर्गनसाठी बास. (व्हिओलोने म्हणजे खर्जाचं मोठं गजाचं वाद्य. आर्चल्यूट म्हणजे लांब मानेचं, खर्जाच्या जादा तारा असलेलं ल्यूट.) आता मोजा. एक, दोन, तीन, चार. वादकांसाठी वेगवेगळ्या वह्याही चारच छापल्या होत्या. मग 'तिघांचे' कसे?

कारण तीन हा आकडा माणसांचा नाही, सुरावटींचा आहे. वर दोन, खाली एक. खालची खर्जाची ओळ व्हिओलोनेवाला नुसती वाजवतो. ऑर्गनवाला साधारण तीच ओळ डाव्या हातानं वाजवतो आणि उजव्या हातानं मधली पोकळी भरतो. काय भरायचं ते लिहिलेलंच नसतं. खर्जाच्या सुरांपाशी फक्त आकडे असतात, ६, ७ असे, आणि त्यावरून स्वरसंगती त्यानं जागच्या जागी बांधायची. आमच्या धंद्याच्या भाषेत सांगायचं तर इंटरफेस दिलाय, इम्प्लिमेंटेशन वाजवणाऱ्याचं. आपल्याकडच्या पेटीवाल्याला तर हे समजावून सांगायची गरजच नाही :)

चार वर्षांनी, १६८५ साली, ओपस २ आला. पुन्हा तिघांचेच सोनाटा, पण यादी बदलली: दोन व्हायोलिन, आणि व्हिओलोने किंवा हार्पसिकॉर्ड. 'शिवाय' गेलं, 'किंवा' उरलं. प्रोग्रामिंग करणाऱ्याला 'अँड' आणि 'ऑर' यांतला फरक सांगायला नको. ओपस १ चर्चच्या धाटणीचा, आणि चर्चमध्ये ऑर्गन असणारच. ओपस २ दिवाणखान्यासाठी, तिथं जे असेल ते. गंमत म्हणजे आजच्या बऱ्याच रेकॉर्डिंगमध्ये हा 'किंवा' सरळ 'आणि' म्हणून वाचलेला असतो. चेलोही वाजतो, हार्पसिकॉर्डही वाजतो. कानाला भरीव लागतं खरं, पण छापलेलं तसं नाही.

आता एकदम पुढं, पॅरिस, १७६४. मुखपृष्ठ सांगतं: 'हार्पसिकॉर्डचे सोनाटा, जे व्हायोलिनच्या साथीनंही वाजवता येतील'. संगीतकार मोझार्ट, आणि वयसुद्धा छापलंय, सात वर्षं! आज व्हायोलिन सोनाटा म्हटलं की व्हायोलिनवाला पुढे उभा आणि पियानोवाला मागे साथीला, असं चित्र डोळ्यांसमोर येतं. इथं बरोबर उलट आहे. मालक हार्पसिकॉर्ड, आणि व्हायोलिन ऑप्शनल. कारण साधं, गिऱ्हाईक. असे कागद विकत घेणारी घरं म्हणजे ज्यांच्याकडे कीबोर्ड आहे ती. तो बऱ्याचदा घरातल्या मुली वाजवायच्या. व्हायोलिन हातात धरणारा भाऊ किंवा पाहुणा कितपत वाजवतो याचा भरवसा नाही, तो नसला तरी गाडी अडायला नको.

हेच गणित मोठेपणीही सुटलेलं नाही. जानेवारी १७८३ मध्ये मोझार्टनं व्हिएन्नाच्या वर्तमानपत्रात तीन नव्या पियानो कॉन्चेर्टोंची जाहिरात दिली. त्यात स्पष्ट लिहिलं होतं, की हे पूर्ण ऑर्केस्ट्राबरोबर वाजवता येतील किंवा नुसत्या चौघांबरोबर, म्हणजे दोन व्हायोलिन, व्हिओला आणि चेलो. ओबो वगैरे फुंकवाद्यं असली तर उत्तम, नसली तरी चालेल. दरबारी पगार सोडून स्वतःच्या जिवावर जगू पाहणाऱ्या माणसाची ही यादी आहे. त्याच्या आर्थिक परिस्थितीवर पानंच्या पानं लिहिता येतील, पण हे एक वाक्य पुरेसं आहे.

पण गिऱ्हाइकासाठी यादी लवचीक ठेवण्याची किंमतही मोजावी लागते. मोझार्टचं क्लॅरिनेट क्विंटेट (के. ५८१) घ्या. क्लॅरिनेट, दोन व्हायोलिन, व्हिओला, चेलो. ते २२ डिसेंबर १७८९ रोजी व्हिएन्नात पहिल्यांदा वाजलं. क्लॅरिनेटवर होता आंटोन स्टाडलर. त्याचं क्लॅरिनेट नेहमीचं नव्हतं. ते खाली चार अर्धस्वर जास्त उतरायचं, आणि मोझार्टनं त्या खर्जासाठीच लिहिलं होतं. पुढे मोझार्ट गेला (१७९१), आणि नंतर छापील प्रत निघाली ती नेहमीच्या क्लॅरिनेटवर बसवलेली. प्रकाशकाचं तरी काय चुकलं? तसलं वाद्य बाजारात होतं कुणाकडे? यादीत शब्द तोच राहिला, 'क्लॅरिनेट', पण त्या शब्दाखालचं वाद्य बदललं.

मूळ हस्तलिखित आज उपलब्ध नाही. मोझार्टची बायको कॉन्स्टांझ हिचं १८०० सालचं एक पत्र आहे, स्टाडलरजवळच्या मोझार्टच्या हस्तलिखितांबद्दल. स्टाडलर म्हणतो बॅग चोरीला गेली. लोक म्हणतात त्यानं ती ७३ डुकाटला गहाण टाकली! छापील प्रतीत काही ठिकाणी खाली उतरत आलेली सुरावट अवचित वर उडी मारते. त्या उड्यांच्या खुणांवरून विसाव्या शतकात लोकांनी मूळ खर्ज पुन्हा जुळवायचा प्रयत्न केला, तशी वाद्यंही नव्यानं घडवली. बॅकअप नसलेल्या सिस्टिमवर काम केलेल्या कुणालाही हे दुःख कळेल.

शेवटची यादी मात्र कुठल्याच गिऱ्हाइकासाठी नव्हती. क्लॅरिनेट, व्हायोलिन, चेलो, पियानो. ही जोडणीच चमत्कारिक. ऑलिव्हिए मेसियाँचं 'काळाच्या अंतासाठी चतुष्क', पहिला प्रयोग १५ जानेवारी १९४१, गोर्लिट्झजवळच्या स्टालाग आठ-अ या जर्मन युद्धकैद्यांच्या छावणीत. वाद्यं अशी का? कारण कैद्यांमध्ये हेच वादक होते. आंरी आकोका क्लॅरिनेटवर, जाँ ल बूलेर व्हायोलिनवर, एतिएन पास्किये चेलोवर आणि स्वतः मेसियाँ पियानोवर.

आता नुसती यादी नको, प्रत्येक भागात कोण वाजवतंय ते बघा. एकूण आठ भाग आहेत, आणि चौघेही वाजवतात असे त्यातले निम्मेच. तिसऱ्यात फक्त क्लॅरिनेट, एकटं. कारण त्याचा उगम छावणीआधीचा. पकडल्यानंतर कैद्यांना एका उघड्या मैदानात ठेवलं होतं, वाद्य होतं ते फक्त आकोकाजवळ. कागद ठेवायला स्टँड नव्हता, म्हणून पास्किये कागद हातात धरून उभा राहिला. चौथ्यात तिघं आहेत, पियानो नाही. कारण छावणीत हा भाग आधी तयार झाला आणि पियानो नंतर आला. पाचव्यात चेलो आणि पियानो, आठव्यात व्हायोलिन आणि पियानो. हे दोन्ही भाग त्याच्याच जुन्या रचनांवरून घेतलेले, एक १९३७ ची, एक १९३० ची. म्हणजे त्या पानांवरची वाद्ययोजना हा चक्क कमिट लॉग आहे. आधी कोण आलं, नंतर काय मिळालं, जुनं काय वापरलं, सगळं ओळीनं.

आणि माणसांच्या आठवणींपेक्षा हा लॉग जास्त पक्का. चेलोला तीनच तारा होत्या असं मेसियाँ पुढे सांगत असे. तो चेलो वाजवणारा पास्किये मात्र म्हणत राहिला, चारच्या चार होत्या! आकोका ज्यू होता. तो त्याच वर्षी धावत्या गाडीतून उडी मारून निसटला, क्लॅरिनेट बरोबर घेऊन. त्यामुळे त्या पहिल्या पानावरचा 'क्लॅरिनेट' हा शब्द मला आता वाद्याचं नाव म्हणून वाचताच येत नाही.

तेव्हा पुढच्या वेळी एखादी सीडी किंवा नोटेशन हातात आलं तर आधी ती ओळ वाचा आणि तीन प्रश्न विचारा. आकडा सुरावटींचा की माणसांचा? 'किंवा' कुणाच्या सोयीसाठी? आणि एखादं वाद्य मध्येच गप्प का आहे? कोरेल्लीची जुनी पानं नेटवर फुकट बघायला मिळतात, सुरुवात तिथून करता येईल. नोटेशन वाचता येत नसलं तरी बिघडत नाही. 'किंवा' शोधायला सूर कळावे लागत नाहीत.