रस्त्यावरची रेघ आणि यंत्राची साक्ष

सोलापूरहून पुण्याकडे मोटारीने निघालेल्या माणसाला सावळेश्वरचा टोलनाका मागे पडताच एक गोष्ट दिसू लागते. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना दोन-दोन मार्गिका, मध्ये दुभाजक. उजवी मार्गिका पुढचे वाहन ओलांडण्यासाठी असते, हे शाळकरी मुलांनाही ठाऊक आहे. प्रत्यक्षात भरलेले मालट्रक त्याच मार्गिकेतून संथपणे चाललेले असतात आणि मोटारी त्यांना डावीकडून ओलांडत असतात. ट्रकचालकाला कारण विचारावे तर तो सांगतो, डावीकडे दुचाक्या असतात, वाटेत उभी केलेली वाहने असतात, उसाच्या हंगामात दोन-दोन ट्रॉल्या ओढणारे ट्रॅक्टर असतात. शिवाय लांबचा वळसा टाळण्यासाठी उलट दिशेने येणारेही भेटतात. त्याचे म्हणणे खोटे नाही. तो नियम मोडतो हेही खोटे नाही.

अशा चालकाला माणसाने न पाहता यंत्राने पकडावे का, आणि ते यंत्राला जमेल का? मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर जुलै २०२४ पासून हे काम कॅमेरे करू लागले. वेगमर्यादा, सीट बेल्ट, मोबाइल यांच्याबरोबर मार्गिकेची शिस्त मोडणेही ते टिपतात. तेथवर येण्यास यंत्रांना शंभराहून अधिक वर्षे लागली. हा प्रवास पाहिला तर असे दिसते की, यंत्राच्या डोळ्याला काही दिसण्यापूर्वी प्रत्येक वेळी रस्त्यालाच थोडे बदलावे लागले.

पहिला बदल म्हणजे खुद्द रेघ. अमेरिकेतील मिशिगन राज्यात वेन परगण्याच्या रस्ते मंडळावर एडवर्ड हाइन्स नावाचे गृहस्थ होते. १९११ साली त्यांनी रस्त्याच्या मधोमध पांढरी रेघ मारून घेतली. दुधाच्या गळक्या गाडीने रस्त्यावर उमटवलेली रेघ पाहून त्यांना ही कल्पना सुचली, असे सांगतात. गोष्ट खरी असो वा रचलेली, रेघेचे महत्त्व मोठे आहे. तोपर्यंत 'बाजूने चला' हा सल्ला होता. रेघ आल्यावर कोण कोणत्या बाजूला आहे हे दाखवता येऊ लागले. आजच्या रेघेच्या रंगात काचेचे बारीक मणी मिसळलेले असतात. हेडलाइटचा प्रकाश ते आला त्याच दिशेला परत पाठवतात, म्हणून रात्री रेघ उजळते. मणी झिजले की रंग शिल्लक असूनही रात्री रेघ हरवते.

वेगाच्या मोजणीची कथा याहून जुनी आणि अधिक गमतीची आहे. १९०३ च्या कायद्याने इंग्लंडमध्ये ताशी २० मैलांची, म्हणजे सुमारे ३२ किलोमीटरची मर्यादा होती. पोलीस कुंपणाआड स्टॉपवॉच घेऊन बसत आणि मोजलेले अंतर कापायला मोटारीला किती सेकंद लागले हे पाहत. या सापळ्यांपासून सभासदांना सावध करण्यासाठी १९०५ साली तेथे मोटारमालकांची ऑटोमोबाइल असोसिएशन स्थापन झाली. तिचे सायकलस्वार पुढच्या धोक्याची खबर देत. १९१० मध्ये न्यायालयाने अशी खबर देणे गुन्हा ठरू शकतो असे म्हटल्यावर संस्थेने युक्ती बदलली. सायकलस्वाराने सलाम केला तर सर्व ठीक, सलाम केला नाही तर थांबून कारण विचारावे! सलाम न करण्याबद्दल कोणाला शिक्षा करणार? आपल्याकडे समोरून येणारा चालक दिवे लुकलुकवून 'पुढे पोलीस आहेत' असे कळवतो, त्या प्रथेचे हे पूर्वज म्हणायला हरकत नाही.

स्टॉपवॉचची अडचण मात्र खरी होती. २०० मीटर अंतर ताशी ३२ किलोमीटर वेगाने जायला सुमारे साडेबावीस सेकंद लागतात. अंगठ्याची चूक अर्ध्या सेकंदाची धरली तर उत्तर सुमारे २ टक्क्यांनी चुकते. तेच अंतर ताशी १०० किलोमीटरने ७.२ सेकंदांत संपते आणि तीच चूक ७ टक्क्यांची होते. वाहने वेगवान झाली तसा माणसाचा अंगठा साक्षीदार म्हणून कमी पडू लागला.

येथे मॉरिस गॅटसोनिडीस हा डच मोटार-शर्यतपटू येतो. त्याने १९५३ ची माँटे कार्लो रॅली जिंकली होती. वळणावर आपण नेमक्या किती वेगाने जातो हे त्याला जाणून घ्यायचे होते, तेही अधिक वेगाने जाता यावे म्हणून. त्याने रस्त्यावर ठरावीक अंतराने दाबसंवेदी पट्ट्या टाकल्या. चाक पहिल्या पट्टीवर आले की घड्याळ सुरू, दुसऱ्या पट्टीवर आले की बंद. १९५८ साली त्याने गॅटसोमीटर ही कंपनी काढली. लाल दिवा तोडणाऱ्यांचे छायाचित्र घेणारे यंत्र १९६५ मध्ये आले आणि १९७१ मध्ये पट्ट्यांच्या जागी रडार आले. वेगाने जाण्यासाठी शोधलेले साधन जगभरच्या वेगवान चालकांच्या मागे लागले.

रडारचे तत्त्व ख्रिश्चन डॉप्लरने १८४२ साली जोडताऱ्यांच्या रंगासंबंधी मांडले होते. १८४५ मध्ये बॉइस बॅलट या डच शास्त्रज्ञाने आगगाडीवर तुतारीवादक बसवून ध्वनीच्या बाबतीत ते पडताळले. वर्गात ही गोष्ट सांगितल्यावर पुढचे गणित मुले उत्साहाने करतात. वाहनाकडे २४ गिगाहर्ट्झ कंप्रतेची लहर सोडली आणि वाहन ताशी १०० किलोमीटरने, म्हणजे सेकंदाला २७.८ मीटरने येत असेल, तर परत आलेल्या लहरीची कंप्रता सुमारे ४,४०० हर्ट्झने वाढलेली असते. अब्जावधींत काही हजारांचा फरक. पण दोन्ही लहरी एकमेकींत मिसळल्या की हा फरक कानाला ऐकू येईल अशा स्वराच्या रूपाने वेगळा काढता येतो. रडार रस्त्याशी २० अंशांचा कोन करून ठेवले तर ते प्रत्यक्ष वेगाच्या ०.९४ पट वेग दाखवते. कोज्या २० अंश म्हणजे तेवढेच. हा गुणक हिशेबात धरावा लागतो.

गॅटसोची खरी शिकवण मला दुसरीकडे दिसते. त्याचा कॅमेरा अर्ध्या सेकंदाच्या अंतराने दोन छायाचित्रे घेई आणि रस्त्यावर समान अंतरावर आडव्या पांढऱ्या खुणा आखलेल्या असत. ताशी १०० किलोमीटरने अर्ध्या सेकंदात वाहन १३.९ मीटर जाते. किती खुणा ओलांडल्या हे छायाचित्रात मोजले की रडारचा आकडा तपासून पाहता येई. यंत्राने सांगितलेल्या वेगावर आंधळा विश्वास ठेवायचा नव्हता. ज्याच्यावर आरोप आहे त्यालाही तो मोजून पाहता येत होता.

तिसरा बदल वाहनांच्या पाट्यांचा. १९७६ मध्ये ब्रिटनच्या पोलीस वैज्ञानिक विकास शाखेत क्रमांकपाटी आपोआप वाचणारे यंत्र तयार होऊ लागले आणि १९८१ मध्ये त्याच्या साहाय्याने चोरीची मोटार सापडून पहिली अटक झाली. अक्षरे एकाच वळणाची आणि आकाराची असतील तरच हे जमते. आपल्याकडे आकड्यांना वेलांट्या देऊन 'दादा' किंवा 'राज' उमटवण्याची हौस आहे. शेजाऱ्याला ते वाचता येते, यंत्राला येत नाही. १ एप्रिल २०१९ पासून नव्या वाहनांना उच्च सुरक्षा पाट्या लागू झाल्या त्यामागे चोरी रोखणे हा हेतू होताच. पण त्यामुळे यंत्राची सोयही झाली.

पाटी वाचता आली की सरासरी वेग मोजायला रडारही लागत नाही. दहा किलोमीटरवरच्या दोन कमानींखालून वाहन किती वाजता गेले एवढे पुरते. पाच मिनिटांत गेले तर सरासरी ताशी १२० किलोमीटर. बारावीच्या वर्गात मध्यमान प्रमेय शिकवताना याहून चांगले उदाहरण मिळणार नाही. वाटेत किमान एका क्षणी त्याचा वेग नेमका १२० होताच, आणि तो क्षण कोणीही पाहिलेला नसताना हे सिद्ध होते. फक्त दोन्ही कमानींची घड्याळे एकमेकांशी जुळलेली हवीत.

आता मार्गिकेकडे वळू. यंत्रमागावर आडवा धागा तुटला की एक काटा माग थांबवतो, हे सोलापूरच्या वाचकाला सांगायला नको. त्या काट्याला धागा आहे की नाही, एवढेच कळावे लागते. लाल दिव्याचा कॅमेरा याच जातीचा. दिवा लाल आहे का आणि वाहन रेघेपुढे गेले का, एवढ्या दोन प्रश्नांवर त्याचे भागते. वेगाला एक आकडा पुरतो. मार्गिकेचा गुन्हा असा एका क्षणात किंवा एका आकड्यात मावत नाही. ट्रक उजव्या मार्गिकेत आहे, असे एकच छायाचित्र काहीच सिद्ध करत नाही. तो दुसऱ्या वाहनाला ओलांडत असेल आणि पुढच्या क्षणी डावीकडे येणार असेल. म्हणून काही सेकंदांची चित्रमालिका हवी, आणि पुढे-मागे काय होते तेही तीत दिसायला हवे.

दुसरी अडचण भूमितीची आहे. रस्त्यावरचा आयत चित्रात समलंबासारखा दिसतो. रस्त्यावरच्या चार बिंदूंची जागा मोजून घेतली, तर चित्रातल्या प्रत्येक बिंदूला रस्त्यावरची जागा देता येते. पण हे फक्त रस्त्याच्या पातळीवरच्या बिंदूंना लागू पडते. कॅमेरा ६ मीटर उंचीवर आणि ट्रक ४ मीटर उंच समजा. ट्रकच्या माथ्याची कड कॅमेऱ्याच्या रेषेपासून बाजूला १ मीटरवर असेल, तर समरूप त्रिकोणांनुसार ती रस्त्यावर ३ मीटरवर असल्यासारखी दिसते. मार्गिका साडेतीन मीटर रुंद आणि ट्रक सुमारे अडीच मीटर. दोन्ही बाजूंना मोकळी जागा जेमतेम अर्धा-अर्धा मीटर. म्हणजे आपल्या मार्गिकेत सरळ चाललेला उंच ट्रक कडेच्या कॅमेऱ्याला शेजारच्या मार्गिकेत घुसलेला भासू शकतो. म्हणून कॅमेरे कमानीवर, शक्यतो मार्गिकेच्या थेट वर हवेत आणि यंत्राने ट्रकचा माथा न बघता चाके रस्त्याला टेकतात ती जागा बघायला हवी.

मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग या दृष्टीने अनुकूल आहे. २००२ मध्ये पूर्ण झालेला हा सुमारे ९५ किलोमीटरचा काँक्रीट रस्ता सहा मार्गिकांचा आहे. दुचाकी, रिक्षा, ट्रॅक्टर आणि पादचारी यांना तेथे बंदी आहे आणि प्रवेश ठरावीक ठिकाणीच. अवजड वाहनांनी डावीकडून जावे आणि उजवी मार्गिका ओलांडण्यासाठी मोकळी ठेवावी, असे सांगायला तेथे जागा आहे. १४ ऑगस्ट २०२२ रोजी पहाटे विनायक मेटे यांची मोटार याच रस्त्यावर पुढच्या अवजड वाहनावर आदळून त्यांचे निधन झाले. तेव्हा अवजड वाहनांच्या शिस्तीचा प्रश्न जोराने पुढे आला. त्या वर्षी देशभरात रस्ते अपघातांत १,६८,४९१ माणसे दगावली. सरकारी अहवालानुसार त्यांतील सुमारे ७१ टक्के मृत्यूंचे कारण अतिवेग, तर ५ टक्क्यांच्या आसपास मृत्यूंचे कारण चुकीच्या बाजूने जाणे हे होते. कॅमेरे नकोत, असे हे आकडे पाहून मला तरी म्हणवत नाही.

पण सोलापूरचे काय? २०१९ च्या दुरुस्तीने मोटार वाहन कायद्यात यंत्राद्वारे देखरेखीचे कलम १३६-अ आले आणि ऑगस्ट २०२१ मध्ये त्याखालील नियम १६७-अ. यंत्राला दरवर्षी नूतनीकरण होणारे मान्यता प्रमाणपत्र हवे, कॅमेऱ्याच्या टप्प्यापूर्वी सूचनाफलक हवा आणि नोटीस १५ दिवसांत जायला हवी, असे त्यात म्हटले होते. यंत्राने टिपता येतील अशा गुन्ह्यांत मार्गिकेचा नियम स्पष्टपणे घातलेला होता. शिवाय जेथे अशी यंत्रे बसवायची त्या १३२ शहरांची यादी जोडली होती. तीत महाराष्ट्रातील १९ शहरे होती, आणि त्यांपैकी एक सोलापूर. मार्गिकेचा मूळ नियम २०१७ च्या वाहनचालन विनियमांत आहे. त्याची सुरुवातच, ज्या रस्त्यावर मार्गिका आखलेल्या आहेत तेथे, अशा अटीने होते.

जुलै २०२५ मध्ये राज्यातील मालवाहतूकदारांनी ई-चलनांच्या विरोधात संप पुकारला. दंड टाळण्याची इच्छा त्यामागे अजिबात नव्हती असे कोणी म्हणणार नाही. परंतु नोटीस मालकाला जाते, गाडी चालक चालवतो आणि चित्रात न आलेला उलटा ट्रॅक्टर फक्त चालकाला आठवत असतो, ही तक्रार हसण्यावारी नेण्यासारखी नाही. चार मार्गिकांच्या खुल्या महामार्गावर डाव्या मार्गिकेतून कोण कोण जाते, याची नोंद आधी व्हायला हवी, आणि ती मुलांनाही करता येईल. महामार्गालगतच्या शाळेने आपल्या गच्चीवरून, रस्त्याच्या जवळ न जाता, मोबाइलवर दहा-दहा मिनिटांचे चित्रण करावे. उजव्या मार्गिकेत किती ट्रक दिसले, त्यांतले किती जण ओलांडून डावीकडे परतले आणि परतले नाहीत त्यांच्या डावीकडे त्या वेळी काय होते, असे तीन रकाने पुरेत. उसाच्या हंगामातला एक दिवस आणि पावसाळ्यातला एक दिवस घेतला तर तिसऱ्या रकान्यातला फरक मुलांना आपोआप दिसेल.